तात्यांचं नेट कसं गेलं

बारामती, मंगळवार, दिवेलागण

मोबाइलवरच्या कॅरममध्ये आज बावड्याच्या तात्यांना हरवलं, आणि तेव्हापासून चैन नाही. पैज अशी की हरेल त्याने रविवारी दुसऱ्याच्या घरी जेवायला जायचं. राणी त्यांनी घेतलेली, त्यांची एकच सोंगटी उरलेली, आणि नेमकं तेव्हाच त्यांचं नेट गेलं! वेळेत परतले नाहीत तर डाव माझा. मीच फोन केला.

"तात्या, वायफाय बंद करून चालू करा, मग ॲप उघडा. चालू डावात परत घेईल."

"व्हय शास्त्रीबुवा, केलं. न्हाय घेत."

मागे काकूंची मालिका चाललेली, तीही त्याच वायफायवर. त्यातली सासू सुनेला झापताना एकदाही अडखळली नाही.

"मालिका बरी चाललीय की!"

"हरलो म्हणतोय न्हवं? रविवारी येतो. आता यायलाच लागतंय."

न्यायशास्त्रात धुरावरून अग्नी ओळखतात. मी सासूच्या आवाजावरून नेट ओळखलं. पण जिंकता जिंकता पळतं कोण? आणि हरून एवढा खूश?

गॅलरीत आलो. समोरच्या गॅलरीत त्यांची लेक वैशाली वाळलेले कपडे काढत होती. मनाविरुद्ध लग्न केलं म्हणून तात्या तिच्याकडे आजवर आलेले नाहीत. आपण होऊन येणारही नाहीत.

पण पैज हरलेल्याला यावंच लागतं.

"वैशाली, रविवारी जेवायला ये गं आमच्याकडे."

"कोण येतंय, काका?"

"कॅरममध्ये हरलेला एक माणूस."

"मग आमचे बाबा नसणार, ते कॅरममध्ये कधी हरत नाहीत," ती म्हणाली, आणि काढलेला शर्ट तिने पुन्हा दोरीवर वाळत घातला.