भीमाबाईचा शॉट

रवि. ९ फेब्रु. २०२५, सायं. ७.४०
वेळ मुद्दाम लिहिते. पांढरकवड्याच्या सभागृहात पुण्याच्या अनिकेतचा जंगलावरचा माहितीपट. पडद्यावर भीमाबाई, डोक्यावर सागाचं लाकूड, हसते आहे. मागून भरदार आवाज: "आणि माणसाने जंगल असे हसत हसत संपवले." टाळ्या.
भीमाबाई माझ्या शेजारच्या खुर्चीत. मीच तिला पोडावरून, म्हणजे कोलामांच्या वस्तीवरून, जीपने आणलं होतं. नवं लुगडं नेसून आली होती.
फुटेज माझं. तीस वर्षांपूर्वी शाळेच्या निसर्ग मंडळासाठी मागून आणलेल्या कॅमेऱ्यावर काढलेलं. टेप मीच हौसेने दिली त्याला.

सोम. १०
डोकं ठणकतंय. मी चित्रण केलं त्या दिवशी ठेकेदाराची सरकारी परवान्याची झाडतोड होती. पोडावरच्या बाया रोजीने लाकूड डेपोत टाकत. भीमाबाई मान खाली घालून चालली होती. मी ओरडले, "हास ना ग, शाळेत दाखवायचंय!" ती म्हणाली, "डेपोत नेऊन राह्यलो बाई. ओझं डोक्शावर, हासू कायले?" आणि हसली. सगळं टेपवर आहे. सिनेमात आमचे आवाज नाहीत. बासरी आहे.

बुध. १२
अनिकेतला फोन. "मॅम, तो शॉट सिम्बॉलिक आहे. तिला कोण ओळखतंय?"
"अख्खं पोड ओळखतं. तुला कोण ओळखतं ते सांग."
मूळ टेप मागितली. बुरशी होती म्हणे, हवे तेवढेच तुकडे उतरवले. "ऑफिस शिफ्ट झालं ना मॅम, शोधतो."
दुसरी प्रत नाही. पोच घेतली नाही. जन्मभर पोरींच्या वह्यांवर लाल शेरे मारले, आणि स्वतः...

शनि. १५
पोडावर गेले. भीमाबाईने बाज टाकली, पाणी दिलं, आत निघून गेली. सून म्हणाली, "बजारात पोट्टे म्हनते, तुयी सासू जंगलचोर. आता जातच नाई ते बजारात."
आतून आवाज: "बाई, तुमी म्हनलं म्हनून हासली ना मी."
घरी येऊन अनिकेतला पत्र लिहायला बसले.

सोम. १७
टेप सापडणार नाही. उतरवलेल्या तुकड्यातला आवाज तरी असेल? कोण जाणे. पत्राचा तिसरा मसुदा आज रजिस्टर पोस्टाने गेला. पहिल्या दोहोंत शिव्या फार होत्या. शेवटचा परिच्छेद इथे उतरवून ठेवते:

"२८ तारखेला हा माहितीपट तालुक्यातल्या शाळांत दाखवला जाणार आहे. त्याआधी तो शॉट काढा, नाहीतर मूळ आवाजासकट दाखवा. आवाज पुसला असेल तर पडद्यावर लिहा की ही बाई मजुरी करत होती आणि तिला हसायला मी सांगितलं. खाली माझं नाव घाला. टेप कुठे आहे तेही कळवा. फोन करू नका. सोमवार, २४ फेब्रुवारी, सायंकाळी पाचच्या आत मला लेखी उत्तर हवे."