कातळावरची माती

अण्णा, येत्या शनिवारी मी घरी जाणार आहे आणि तुमच्याविरुद्ध बोलणार आहे. तुम्हाला जाऊन आठ वर्षं झाली, त्यामुळे समोर तुम्ही नसाल. म्हणून जे बोलायचं ते आधी इथे लिहून काढते.

रस्त्याला आपली खालची बाग गेली तेव्हा मी पॉलिटेक्निकच्या दुसऱ्या वर्षाला होते. सरकारने ती जमीन पोटखराब धरली, म्हणजे पिकाला निरुपयोगी कातळ, आणि मोबदला त्याच भावाने लावला. आंब्याच्या कलमांचं काही दिलं, जमिनीचं जवळजवळ नाहीच. तुम्ही हरकत नोंदवून पैसे घेतलेत आणि कोर्टात गेलात. ते योग्य होतं. तेवढं मी आजही मान्य करते. पाहणीला साहेब आले तो दिवस मला स्वच्छ दिसतो. पायाखाली कातळ तापलेला, साहेबांच्या डोक्यावर रुमाल. ते म्हणतात, "मास्तर, कागदावर हा कातळ आहे." तुम्ही म्हणता, "कातळच आहे, साहेब. सुरुंग लावून खड्डे पाडले आणि मळ्यातली माती डोक्यावरून वर आणली. झाडं मोजलीत तुम्ही. खालची माती कुणी आणली, ते आधी विचारा." साहेब विचारतात, "कुणी?" तुम्ही म्हणता, "आम्ही."

त्याच वेळी आत्या कोकम सरबताची कळशी घेऊन ती चढण चढून येत होती. तुमची थोरली बहीण, लग्न न झालेली, सातबाऱ्यावर तुमच्याच शेजारी नाव असलेली. साहेबांबरोबरचा कारकून हसून म्हणाला, "काय आजी, तुम्हीपण आणलीत की काय माती?" तिने तोंड उघडायच्या आत तुम्ही म्हणालात, "ती घरात असायची." आत्याने पेले भरले. "मीठ कमी झालंय काय, बघा," एवढंच ती म्हणाली.

नंतर तुम्ही मला मातीचा हिशेब करायला सांगितलात. खड्ड्यांची लांबी, रुंदी, खोली मी टेपने घेतली. घमेल्यात किती माती मावते ते काढायचं होतं, म्हणून स्वयंपाकघरात जाऊन आत्याला विचारलं, "घमेलं काठोकाठ भरायचीस की शीग लावून?" ती चुलीपुढून उठलीसुद्धा नाही. "शीग लावून ती घाटी चढता येते काय गो? बापाला विचार तुझ्या. तो वर बसून खड्डे भरायचा, मी खालून आणायची. शेवटी शेवटी मला ओरडायचा, लवकर आण म्हणून." मी तिच्या उत्तराप्रमाणे घनफळ मांडलं. कोर्टात तो आकडा टिकला आणि वाढीव मोबदला मंजूर झाला.

मग एका सकाळी तुम्ही आत्याला एसटीने रत्नागिरीला घेऊन गेलात. सगळी रक्कम भावाने घ्यावी, माझी हरकत नाही, अशा संमतीपत्रावर तिची सही घेतलीत आणि संध्याकाळी ती मोरपंखी साडीचा खोका मांडीवर घेऊन पडवीत बसली होती. मी तुम्हाला विचारलं, तिचा हिस्सा? तुम्ही चष्मा न काढता म्हणालात, "तिला पैसे कशाला? दोन्ही वेळा जेवते ना इथेच? तुला मातीचा हिशेब करायला सांगितला होता, माझा नव्हे." सरकारने तुम्हाला जे केलं, तेच तुम्ही तिला केलंत, अण्णा. फरक इतकाच की सरकारने निदान नोटीस काढली होती.

आता दादा वरची उरलेली बाग विकतोय. परवा त्याचा फोन आला. "आत्याची सही तेवढी राहिलेय. तुझं ऐकते ती, तू पटव." त्याचा आवाज अगदी तुमच्यासारखा झाला आहे. मी आत्याला फोन लावला. सगळं ऐकून घेऊन ती म्हणाली, "साडी कुठली आणलीन म्हणे? मागची अजून घडीवर आहे म्हणावं." आम्ही दोघी हसलो. मग मी सरळ विचारलं, तुला सही करायची आहे का? "नाय गो," ती म्हणाली, "पण नाय कसं म्हणतात, ते मला कुठे येतं?"

म्हणून शनिवारी मी तिच्या शेजारी बसणार आहे. मी अंदाजपत्रकं करणारी इंजिनिअर आहे, भाषण मला जमत नाही. दादाने कागद पुढे केला की एकच वाक्य बोलायचं ठरवलं आहे: माती कुणी आणली, ते आधी विचार. पुढचं उत्तर आत्याने द्यायचं. 'आम्ही' नाही, 'मी'. तेवढं एक तिने फोनवर दोनदा म्हणून पाहिलं आहे.

वाक्य तुमचं आहे, हे मी तिथे कुणाला सांगणार नाही. दुसरं शोधून पाहिलं, इतकं नेमकं सापडलं नाही. हे पत्र कुणी वाचणार नाही म्हणून लिहिते: त्या दिवशी बागेत तुम्ही ते बोललात तेव्हा मला तुमचा अभिमान वाटला होता, आणि तो अजून पुरता गेलेला नाही.