सतरा ते बत्तीस, दोनदा

मी, खाली सही करणारी, वय वर्षे एकाहत्तर, छापखान्याच्या बाइंडिंग खात्यातून निवृत्त, हे मृत्युपत्र कोणाच्या धाकाने किंवा गोडीगुलाबीने नव्हे, तर स्वतःच्या अकलेने लिहून ठेवते. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. माझ्या सहीचे दुसरे कोणी दाखवले, तर ते खोटे समजावे.

आईला हल्ली काही आठवत नाही, असे माझा मुलगा जिन्यात भेटेल त्याला सांगत असतो. म्हणून मी कोपऱ्यावरच्या डॉक्टरीणबाईंकडून तपासून घेतले. त्यांनी शंभरातून सात-सात वजा करायला लावले. मी दोनपर्यंत गेले. त्या वाटेतच पुरे म्हणाल्या होत्या.

कलम १. राहत्या दोन खोल्या मुलाला आणि सुनेला निम्म्या-निम्म्या. कागदावर दोघांची नावे लागावीत. "घर एकच, मग तिचं वेगळं नाव कशाला?" असे मुलाने विचारल्यास त्याला हे कलम पुन्हा वाचून दाखवावे.

कलम २. नणंदेने एकोणीस वर्षांपूर्वी आठ दिवसांसाठी नेलेला मोठा कुकर मी तिलाच देते. तो परत केला असे ती सांगत आली आहे. आता तिला ते सांगावे लागणार नाही.

कलम ३. घडी दाबायची हाडाची पट्टी, दोन जाड सुया आणि अंगठ्याचे चामडी टोपण सुनेला. ती आज छापखान्यात त्याच घडीटेबलावर माझ्या जागी बसते. पट्टी माझ्या हाताने झिजली आहे, तिच्या हाताला बसायला महिना लागेल.

कलम ४. हे कलम सावकाश वाचावे. कामगार न्यायालयातला माझा दावा, तो पुढे चालवण्याचा हक्क आणि त्याचा सगळा पुरावा मी फक्त सुनेला देते. मुलाला देत नाही. कारण सांगते.

आमच्या खात्यात आम्ही सहा बायका. छापून आलेल्या मोठ्या कागदाच्या घड्या घातल्या की सोळा पानांचा एक फर्मा होतो. असे फर्मे ओळीने जुळवायचे आणि शिवायचे. मला वाचता आले ते या घड्यांवरूनच, आधी आकडे, मग अक्षरे. कित्येक गोष्टींचा शेवट मला बरीच वर्षे माहीत नव्हता, कारण शेवटचे फर्मे दुसऱ्या टेबलावर जायचे. पलीकडे कटिंग मशीनवर पुरुष. त्यातले एक माझे यजमान. शिवलेल्या पुस्तकांच्या कडा ते कापायचे आणि त्यांचा पगार आमच्या जवळजवळ दुप्पट.

आम्ही अर्ज केला, की काम वेगळे असले तरी मोलाने सारखे आहे. तेव्हा मालकांनी कामाला गुण देणारा एक साहेब आणला. ताकद, कसब, जबाबदारी, धोका. जड उचलता का, असे त्याने विचारले. आमच्यातली चष्मेवाली लाजून नाही म्हणाली. आम्ही गठ्ठा थोडाथोडा दिवसभर वाहतो, म्हणून ते जड वाटत नाही, हे तिला त्या वेळी सुचले नाही. 'जबाबदारी' पुढे त्याने आमच्यासाठी लिहिले, लागू नाही. त्या कागदावर कामगार समितीच्या वतीने सही होती माझ्या यजमानांची.

त्या संध्याकाळी मी त्यांना विचारले. ते जेवत होते.

म्हणाले, "कापताना माझा हात चुकला तर पाचशे पुस्तकं जातात. ती जबाबदारी."

"आणि आमच्याकडून चुकलं तर?"

"तुमच्याकडून कधी चुकतं?" मान वर न करता त्यांनी विचारले.

मी रात्रभर तेच घोळवले. दर आठवड्याला कुठला ना कुठला गठ्ठा चुकीच्या जागी यायचा. अंगठा आकड्यावरून फिरवून आम्ही तो मुकाट्याने बदलायचो. त्याची कुठे नोंद नव्हती. मग आम्ही सहाजणींनी ठरवले, की जे लागू नाही ते करायचे नाही. चारच दिवसांत शाळेच्या भूगोलात तिसऱ्या फर्म्याच्या जागी पुन्हा दुसराच आला. आम्ही जसा आला तसा शिवला. सतरा ते बत्तीस पाने दोनदा, तेहतीस ते अठ्ठेचाळीस नाहीतच. सगळी पुस्तके शाळांतून परत आली. मालकांनी ती लगद्याला घातली आणि आम्ही दावा केला तेव्हा न्यायालयात सांगितले, असे काही घडलेच नव्हते. मी मात्र एक प्रत डब्याच्या पिशवीतून घरी आणली होती. यजमानांनाही सांगितले नाही. त्यांच्यावर माझा विश्वास उरला नव्हता.

सहाजणींपैकी तिघी वारल्या, दोघींनी तडजोड केली. मी एकटी उरले. मुलगा त्याच छापखान्यात सुपरवायझर आहे. मागच्या महिन्यात तडजोडीचे कागद घेऊन आला.

"आई, नुसती सही कर. शेवटी आपलंच भलं आहे."

"आपलं म्हणजे कोणाचं रे?"

त्याने कागद परत पिशवीत घातले. दुसऱ्या दिवशी झुरळे झालीत म्हणून त्याने माझे कपाट सरकवले. झुरळांचे औषध आणलेले नव्हते.

कलम ५. चष्मेवालीला माझी पुस्तके द्यायची होती. पण ती साक्षीदार आहे, आणि ज्याला मिळते त्याने साक्ष करू नये असे मी वाचले आहे. म्हणून पुस्तके जिवंतपणीच देऊन टाकली.

कलम ६. यजमान गेल्यावर पाते परजायच्या दगडाची त्यांची पेटी उघडली. दगडाखाली तोच भूगोल होता. दुसरी प्रत. आत त्यांच्या अक्षरात तारीख आणि सही. जी सही त्या गुणांच्या कागदावर होती, तीच. नऊ वर्षे एका घरात दोन प्रती होत्या आणि दोघांनी एकमेकांना सांगितले नाही. त्यांनी ती आमच्यासाठी राखली की मालकांना दाखवायला, मला कळले नाही. माझा दावा चालवणाऱ्या वकीलबाई म्हणतात, समितीच्या माणसाची सही असलेली प्रत दहा साक्षीदारांच्या तोडीची आहे.

दोन्ही प्रती सुनेला. त्या कुठे आहेत ते इथे लिहीत नाही. तिला तोंडी सांगितले आहे.

मुलावर माझा राग नाही. दावा जिंकला आणि टेबलावरच्या बायकांचा पगार वाढला, तर त्याच्याही घरात येईल, हे त्याला सुनेने सांगावे.

कलम ७. "तुमच्याकडून कधी चुकतं?" हा टोमणा होता की ते मला वाट दाखवत होते, हा संशय माझा स्वतःचा आहे. तो मी कोणालाही देत नाही. ते समोर भेटले, तर आधी तेवढेच विचारीन.

हे सर्व मी स्वहस्ते लिहिले, पाने चार, आकडे क्रमाने आहेत. तपासले आहेत.

सही: घडीटेबलावरची थोरली

साक्षीदार:
१. चष्मेवाली, निवृत्त, तेच टेबल
२. डॉक्टरीणबाई, कोपऱ्यावरचा दवाखाना

ठिकाण: राहते घर, जिन्यालगतची खोली, दार आतून लावून
दिनांक: ते गेले त्याला आज सहा वर्षे पूर्ण