पक्षपात मान्य आहे

मी, पाणीपुरवठा खात्याचा निवृत्त व्हॉल्व्हमन, ज्याला सगळे चावीवाले काका म्हणतात, राहणार स्वतःच्याच घरात, असे लिहून ठेवतो की माझे डोके ठिकाणावर आहे. डॉक्टरांनी तपासून तसा दाखला दिला आहे. मला कोणी धमकावलेले, फितवलेले किंवा रडून विरघळवलेले नाही. याआधी मृत्युपत्र केले नाही, कारण मरायला सवड नव्हती.

कलम १. राहते घर माझी स्वकष्टार्जित मिळकत आहे. ते सर्वस्वी माझ्या सुनेला द्यावे. मुलगा तिला सोडून परगावी दुसरा संसार थाटून बसला आहे. माझ्या माघारी तो येऊन तिला बाहेर काढू पाहील आणि म्हणेल, "हिनं म्हाताऱ्याला गुंडाळलं, हा सरळ पक्षपात आहे." पक्षपात मी फार जवळून पाहिला आहे, तेवढे आधी नोंदवतो.

नोकरीत असताना माझी विभागीय चौकशी लागली. दोषारोप असा, की बंगल्यांच्या लाइनीचे पाणी मी हेतुपुरस्सर बंद ठेवले. वास्तविक व्हॉल्व्हचे आटे झिजून तो जाम झाला होता. चौकशी अधिकारी नेमले, ते त्याच लाइनीवर राहणारे. पहिल्याच तारखेला त्यांनी विचारले, "तुमच्यामुळे माझ्या बायकोला टँकरपाशी उभं राहावं लागलं, ठाऊक आहे?"

मी म्हणालो, "साहेब, हा प्रश्न चौकशीतला की घरातला?"

लेखनिकाला तेव्हा एकाएकी खोकला आला.

अधिकारी बदलून द्या, असा अर्ज मला सुनेने लिहून दिला. पक्षपाताचा पुरावा नाही म्हणून तो फेटाळला. मग साहेबांच्याच माळ्याची साक्ष झाली. तो म्हणाला, "व्हॉल्व्ह जाम होता. मी स्वतः जोर लावून पाहिला."

साहेब म्हणाले, "म्हणजे यांनीच तो जाम केला, असंच ना?"

"साक्ष तुम्हीच देताय, तर मी झाडांकडं बघतो," असे म्हणून माळी उठला.

तरी मी दोषी ठरलो, वेतनवाढ बंद झाली. मुलगा म्हणाला, "बाबा, कबूल करा आणि मोकळे व्हा." राग नाही, फक्त नोंद आहे. सून मात्र अपील लिहीत बसली. अपिलात तिचा तो फेटाळलेला अर्जच कामी आला आणि निकाल रद्द झाला.

कलम २. माझी सायकल त्या माळ्याला द्यावी. चौकशी अधिकारी हयात असल्यास त्यांना माझी मोठी बादली पोचवावी, रिकामी.

कलम ३. बँकेतील शिल्लक सून आणि मुलगा यांना निम्मी निम्मी. तो माझाच आहे, हेही खरे. माझे घड्याळही त्यालाच. ते आपल्या मर्जीने चालते, दोघांचे जमेल.

कलम ४. व्यवस्थापक म्हणून शेजारच्या निवृत्त शिक्षिकाबाईंना नेमतो. त्या कोणाची बाजू घेत नाहीत, माझी तर कधीच घेतली नाही.

कलम ५. हे सगळे मी स्वतःच्या हाताने लिहिले आहे. सुनेचे अक्षर सुवाच्य आहे. हे वाचायला त्रास होत असेल, तर तोच माझा पुरावा समजावा.

कलम ६. मुलाने पक्षपाताचा आरोप केल्यास चौकशी नेमू नये. आरोप मान्य आहे. चौकशी अधिकाऱ्याने बाजू घेऊ नये, सासऱ्याने घ्यावी. माझा तिच्यावर फार जीव आहे. मुलगा गेला त्या दिवशी मी तिला विचारले, "पोरी, तुला काय हवंय?"

ती म्हणाली, "काही नको, बाबा. फक्त जा म्हणू नका."

मी कधी म्हणालो नाही. पण मी कायमचा थोडाच आहे? म्हणून घर तिच्या नावे करतो. या घरात कोणाला ये म्हणायचे आणि कोणाला जा, हे माझ्यामागे तीच ठरवील.

सही: चावीवाले काका

आमच्यादेखत सही झाली. यातले आम्हाला काही मिळत नाही.
साक्षीदार १: दाखला देणारे डॉक्टर
साक्षीदार २: कोपऱ्यावरचा शिंपी

स्थळ: पुढची खोली
दिनांक: नोंदणीच्या शिक्क्यावर आहे तो