कलम पाचवे: हिरवा शालू

मी, सोलांज जनार्दन देवपुजारी, वय बहात्तर, जन्म फ्रान्समधला, राहणार ओकव्हिल, कॅनडा, पूर्ण शुद्धीत आणि दुपारचा चहा घेऊन हे लिहिते. रंगमंचावर आणि पडद्यावर मी एकूण एकोणीस वेळा मेले आहे. या वेळचे खरे धरावे. इंग्रजी प्रत वकिलांकडे आहे. ही मराठीत, कारण माझी घरातली सगळी भांडणे मराठीत झाली.

१. काँडो, म्हणजे आमचा राहता फ्लॅट, आणि बँकेतली शिल्लक माझे पती जनार्दन यांना. माँट्रियलला माझे एकच नाटक ते अकरा वेळा पाहायला आले, फ्रेंचचा एक शब्द येत नसताना. अजूनही येत नाही.

२. माझे सर्व चित्रपट मुलगी जाईला. ‘मॉम, यू डाय इन ऑल ऑफ देम,’ असे ती म्हणते. दोन चित्रपटांत मी शेवटपर्यंत जिवंत आहे. ते तिने पाहावेत.

३. पॅरिसच्या नाट्यविद्यालयातल्या गुरुजींनी दिलेली काठी मिल्टनच्या मराठी मंडळाला. आमच्या फ्रान्समध्ये पडदा उघडण्याआधी तिचे तीन ठोके देतात. मंडळाचे अरविंद टेंभेकर ‘गाड्या पार्क होऊ द्या’ म्हणत तिसरी घंटा चाळीस मिनिटे लांबवतात. ठोके वेळेवर पडले नाहीत, तर काठी जाईने परत आणावी.

४. तीन वर्षे पद्यनाटकांतल्या राण्या शिकून आलेल्या मला मंडळाने दर नाटकात परदेशी पाहुणीचीच भूमिका दिली. माफ केले आहे, पण नोंद असू द्यावी.

५. १९८४ साली नागपूरला माझ्या लग्नात नणंद लताने पहिल्या पगारातून हिरवा शालू आणला. फ्रेंच रंगभूमीवर हिरवा रंग अशुभ मानतात, आणि पंधरा दिवसांनी माझ्या नाटकाचा पहिला प्रयोग होता. मी तो नेसले नाही. तेव्हापासून लता मला चटणी वाढतानाही विचारते, ‘हिरवी आहे, चालेल नं?’ एक गोष्ट मी तिला कधी सांगितली नाही. ते नाटक तिसऱ्याच प्रयोगाला पडले. लता, माझे चुकले. मला त्याचे फार वाईट वाटते.

आता मला कुठल्याच रंगमंचावर जायचे नाही. मी गेल्यावर मला तोच शालू नेसवावा, आणि तो लतानेच नेसवावा.

६. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळत नाही, असे वकील सांगतात. म्हणूनच वहिनीने मला साक्षीदार केले, असे लता म्हणेल. म्हणू द्यावे.

सहीपूर्वी हाताने वाढवलेला मजकूर: लताने पाचवे कलम दोनदा वाचले, डोळे पुसले आणि ती म्हणाली, ‘वहिनी, मरायची वाट कशाले पाहून राहिल्या? उठा. ब्लाउज आता होत नसंल तर स्वेटरवरच नेसवते.’ सबब, नेसवण्याची सूचना रद्द. माफी कायम. ही सही मी हिरवा शालू नेसून करत आहे.

सही: सोलांज देवपुजारी
साक्षीदार: लता खानझोडे (निऱ्या माझ्या), अरविंद टेंभेकर (वीस मिनिटे उशिरा)
ओकव्हिल, ९ नोव्हेंबर २०२५