गुहेतून निघालेला डाग

न्यूयॉर्क, ३ मार्च १९१५
लागली बाई एकदाची नोकरी! हलणारी चित्रं काढायच्या कारखान्यात. सिनेमा अश्मयुगातला. गुहेतली पोर केसाळ हत्तीच्या सोंडेवरून घसरगुंडी खेळते. हॉर्गनसाहेब पेन्सिलीनं पोर काढतात. मी खाली दिवा असलेल्या काचेवर पातळ कागद ठेवून, आधीच्या चित्रावरून पुढचं शाईनं गिरवते. दर कागदावर तोच डोंगर, तीच गुहा, पोर तेवढी केसभर पुढे. नमुना म्हणून साहेबांनी माझ्या लेकीला, हेडीलाच टेबलावर उड्या मारायला लावलं. सहा वर्षांची भवानी, खाली उतरेल तर शपथ!

९ मार्च
चाळिसाव्या कागदावर शाई सांडली, नेमकी गुहेच्या तोंडाशी. साहेब म्हणाले, कागद काय फुकट येतात? डागही गिरवत जा, लोकांना अस्वल वाटेल. बरं बाबा, गिरवला.

१२ मार्च
डाग होता तेवढाच गिरवते, देवाशपथ. तरी पन्नासाव्या कागदावर तो गुहेबाहेर आलाय. त्याला हात फुटलेत. शेजारच्या टेबलावरची नोरा म्हणते, डोळे तपासून घे गं. घरी हेडी सारखी मागे वळून बघते. म्हणते, आई, माझ्या पाठीशी कुणीतरी श्वास घेतंय.

१३ मार्च
आज डाग गाळला. शाई वाळता वाळता तो आपोआप उमटला. टाक फेकून घरी पळाले.
हेडी नळापाशी उभी. हात वर, एक पाय उचललेला. शेवटच्या कागदावर पोर आहे तश्शी. पापणी हलेना, छाती हलेना. उचलून इथे कारखान्यात आणली. डागासकट एक कागद गिरवला. तिनं एक श्वास घेतला. परत थिजली.

१४ मार्च, रविवार
आम्ही दोघीच. एका कागदाला एक श्वास. पण दर कागदाला तो जवळ. हेडीला पळताना काढलं — वाळल्यावर पाय जागच्या जागी. काय करू मी?

१५ मार्च
साहेब चित्रं बघून गेले. म्हणाले, वा, काय झकास अस्वल! हेडीकडे बघितलंसुद्धा नाही —
चौसष्टावा कागद. त्याचा हात तिच्या खांद्यावर. तिच्या फ्रॉकवर शाई, ओली.
पासष्टला बोलली. आई.
सहासष्टला — नको.
सदुसष्टला — काढू.
टाक खाली ठेवलाय. ठेवलाय. ओठ निळे पडतायत — माझ्याच्यानं बघवत नाही, सोन्या, एकच, एकच श्वास —
अडुसष्ट. वाळतंय. तो तिच्या