पेशींची पानगळ आणि माझं भाषण

४ फेब्रुवारी
आज ज्ञानात भर पडली. नात परीक्षेसाठी एक शब्द घोकत होती, अ‍ॅपॉप्टोसिस. विचारलं, बाई गं, हा आजार की औषध? म्हणाली, आजी, मूळ ग्रीक शब्द आहे, अर्थ पानगळ. पानं कशी आपली आपण गळतात, तशा शरीरातल्या पेशी काम संपलं की आपणहून जातात. आरडाओरडा नाही. स्वतःच्या छोट्या छोट्या पुड्या बांधतात आणि शेजारच्या पेशी त्या गिळतात. पोटातल्या बाळाच्या बोटांत आधी पडदा असतो म्हणे, तिथल्या पेशी निघून गेल्या की बोटं सुटी होतात. मी लगेच दहाही बोटं फाकवून पाहिली. काय गंमत आहे! आणि चौथी पास बाईला हे एका दमात कळलं.

५ फेब्रुवारी, दुपारी
सून म्हणाली, आई, आता स्वयंपाकघर माझ्याकडे द्या, तुम्ही आराम करा. चाळीस वर्षं मी सांभाळलेलं स्वयंपाकघर! म्हटलं, मी गेल्यावर घे. विषय संपला.

८ फेब्रुवारी
नात म्हणते, वेळ झाली तरी जी पेशी जात नाही तिची गाठ होऊ शकते. ऐकलं मात्र, डोळ्यांपुढे हेडबाईच आल्या. शाळेतून रिटायर झाल्या आणि आमच्या म्हाताऱ्यांच्या क्लबात अध्यक्ष होऊन बसल्या, अकरा वर्षं झाली. रविवारी बोलायची पाळी माझी. हाच विषय. नाव घेणार नाही, नुसती बघणार.

१० फेब्रुवारी
आरशासमोर तालीम. फर्स्ट क्लास. तेवढ्यात सुनेनं भाजीला फोडणी घातलीन. धावत जाऊन झारा काढून घेतला. रविवारी तिला तक्ता धरायला नेणार. खुर्चीला चिकटलेलं माणूस कसं दिसतं, कळू दे तिलाही.

१२ फेब्रुवारी, रविवार
भाषण झकास झालं. पानगळ, पुड्या, बोटं, सगळं आलं. शेवटी हेडबाईंकडे रोखून बघत म्हटलं, आपली वेळ आपण ओळखावी, हसत बाजूला व्हावं, कोणी सांगायची वाट पाहू नये.
हेडबाई डोळे पुसत उठल्या. वाटलं, सोडली खुर्ची! तर माइकवर म्हणाल्या, केवढं हे मन! ज्याच्या गोष्टी आपण यांच्या तोंडून नेहमी ऐकतो, ते चाळीस वर्षांचं स्वयंपाकघर आज यांनी सुनेला शेजारी उभी करून तिच्या हाती दिलं.
टाळ्याच टाळ्या. सून गळ्यात पडून रडली. आई, मला वाटलंच नव्हतं, म्हणाली. सगळे माझ्याकडेच बघत होते. मीपण हसले.
हेडबाई परत खुर्चीत बसल्या.

१३ फेब्रुवारी
पाचला जाग आली. उठायचं कारण नव्हतं. आतून डबे सरकवल्याचे आवाज. मोठं मन म्हणजे असंच, त्रास नाही करून घ्यायचा.
दहाला सहज आत गेले, म्हटलं आपला चहा आपण करावा. साखर कुठे ठेवलीय, ते सुनेला विचारावं लागलं.